भालजींचं पत्रक: हे 'योगेश' कोण? (आज रात्रीच कळवा)

मंडळी,
दिग्दर्शक भालजी पेंढारकरांच्या सिनेमाच्या खेळाचं पत्रक उद्या सकाळी छापायला जातंय. पान ३ वर 'अखेरचा हा तुला दंडवत'च्या खाली 'गीत: योगेश' आहे आणि शेजारी हिंदीतल्या 'आनंद'ची गाणी लिहिणाऱ्या योगेश यांचा फोटो! ठेवायचा की काढायचा, एवढंच सांगा. सिनेमा कुठला दाखवायचा ही चर्चा पुन्हा नको, ती गणपतीत तीन तास झाली आहे.
– सचिव

---

अहो काढा तो फोटो! योगेश म्हणजे खुद्द भालजी पेंढारकर. 'मराठा तितुका मेळवावा' (१९६४) त्यांचाच, आणि गाण्याखाली नाव मात्र योगेश. संगीत आनंदघन, म्हणजे लताबाई. एका गाण्यात दोघंही टोपणनावाआड बसलेत. दोन्ही खरी नावं कंसात टाका, नाहीतर दरवर्षीप्रमाणे मध्यंतरात मलाच दहा जण गाठतात.
– कोल्हापूरवाले काका

---

काका, पत्रक मी केलंय, फोटो मी लावलेला नाही. तो खजिनदारांच्या चिरंजीवांनी नेटवरून उचलला. आणि कंस कशाला? त्यांनी जे नाव लावलं तेच छापावं. झाकलेलं आपण कशाला उघडायचं?
– सांस्कृतिक समिती

---

माझ्या मुलाला यात ओढू नका, तो बारावीत आहे. फोटो काढला तर चौकट रिकामी पडेल, आणि रंगीत पानाचे पैसे भरून झालेत. तिथे फाळके पुरस्काराबद्दल (१९९१) दोन ओळी टाका.
– खजिनदार

---

ताई, झाकलेलं काय आहे त्यात, सगळ्या महाराष्ट्राला माहीत आहे. हां, आता पान ४ बघा. 'साधी माणसं'ची (१९६५) सगळी गाणी योगेश यांच्या नावावर टाकलीत. 'माळ्याच्या मळ्यामंदी' त्यांचं, पण 'ऐरणीच्या देवा तुला' जगदीश खेबूडकरांचं. हे चुकलं तर कोल्हापूरला तोंड दाखवायला जागा नाही.
– काका

---

'ऐरणीच्या देवा'वरून आठवलं. मागच्या वर्षी आमच्या धाकटीने हे गाणं म्हटलं आणि खाली येऊन विचारलं, "बाबा, ऐरण म्हणजे काय?" मी गॅरेजमधून हातोडा आणला, पण लोहाराची ऐरण कुठून आणू? शेवटी पाट्याचा दगड ठेवून ठोकून दाखवलं. दगडाचा टवका उडाला, हिने दोन दिवस अबोला धरला. सिनेमात भट्टीपुढे सूर्यकांत आणि जयश्री गडकर दिसले की पोरांना आपोआप कळेल. सबटायटल्स आहेत ना?
– ध्वनिव्यवस्था

---

सबटायटल्स नाहीत. हे बजेटच्या वेळी बोलायचं होतं.
– खजिनदार

---

आणखी एक. परिचयात '१९४८ साली जयप्रभा स्टुडिओ जळाला आणि भालजींची कारकीर्द थांबली' असं लिहिलंय. कुणी लिहिलं हे? गांधीहत्येनंतरच्या जाळपोळीत स्टुडिओ गेला, 'मीठ भाकर' हा सिनेमाही गेला. माणसाने तो पुन्हा उभा केला! 'छत्रपती शिवाजी' १९५२चा, 'मोहित्यांची मंजुळा' १९६३चा. दादा कोंडके पहिल्यांदा पडद्यावर आले ते भालजींच्याच 'तांबडी माती'त, १९६९ साली. थांबली म्हणे. माझे वडील हे वाक्य वाचते तर ताटावरून उठले असते.
– काका

---

परिचय मागच्या कार्यकारिणीचा आहे, मी फक्त चिकटवला. आता कुणाचं नाव घेत नाही.
– सांस्कृतिक समिती

---

मागची कार्यकारिणी म्हणजे मी. ते वाक्य मी लिहिलेलं नाही. माझ्या मसुद्यात 'थांबली नाही' होतं, 'नाही' कुणीतरी खाल्लं.
– माजी अध्यक्ष

---

ठरलं. फोटो काढला, दोन्ही नावं कंसात (ताई, माफ करा), पान ४ आणि परिचय दुरुस्त. चौकटीत ऐरणीचं चित्र टाकते. कुणाकडे खऱ्या ऐरणीचा फोटो असेल तर रात्री अकरापर्यंत पाठवा. हातोडा आणि पाटा चालणार नाही.
– सचिव