४-१ ने पुढं असताना मॅच घालवली, पोरीला टेनिसपटू याना नोवोत्नाची गोष्ट सांगावी का?

कळंब्याचा_बाबा:
नमस्कार मंडळी. लेक १३ वर्षांची हाय, चार वर्षं झाली टेनिस खेळतीय. गेल्या रविवारी बाहेरगावी टुर्नामेंट होती, शेवटच्या सेटला ४-१ ने पुढं, सर्व्हिस पण हिचीच. एक डबल फॉल्ट झाला, म्हणजे लागोपाठ दोन्ही सर्व्हिस चुकून पॉइंट गेला, आणि तिथनं जो हात आखडला तो काय सुटलाच नाही, ६-४ ने हरली. येताना कराडपासून किणी टोलनाक्यापर्यंत एक शब्द नाही, नुसती रॅकेटच्या ग्रिपची पट्टी सोलत बसलेली, घरी पोचलो तर सीटवर काळ्या तुकड्यांचा हा ढीग.

पण खरं दुखणं वेगळंच हाय. मॅच संपल्यावर तिथल्या एका पालकांनी तिच्यासमोरच म्हटलं की ही चोक होते, म्हणजे जिंकत आलेली मॅच दडपणाखाली घालवते, नोवोत्नासारखी. घरी आल्यावर हिनं विचारलं, बाबा नोवोत्ना कोण? मोबाइलवर बघितलं तर पहिला फोटो ती कुणाच्या तरी खांद्यावर रडतीय तोच. मी फोन बाजूला ठेवला, म्हटलं जेव आधी. पोरगी रोज विचारतीय. ज्यांनी तिचा खेळ बघितलाय त्यांनी सांगा, ही गोष्ट पोरीला सांगण्यासारखी हाय का नाही?

शाहूपुरी_काका:
सांगा की. पण अख्खी सांगा, फोटोपुरती नको.

१९९३ ची ती विम्बल्डनची फायनल मी टीव्हीवर बघितलीय. समोर स्टेफी ग्राफ. पहिला सेट ६-६ होऊन टायब्रेकवर ग्राफकडं गेलेला, दुसरा नोवोत्नानं ६-१ असा घेतला. तिसऱ्यात ४-१, सर्व्हिस हिची, ४०-३०, म्हणजे एका पॉइंटवर ५-१. तिथं डबल फॉल्ट. आणि मग ग्राफनं सलग पाच गेम घेतले, ६-४. आमच्या घरात कोण बोलेना. बक्षीस घ्यायला गेली तेव्हा ब्रिटिश राजघराण्यातल्या डचेस ऑफ केंट तिच्याशी चार शब्द मायेनं बोलल्या आणि हिचा बांध फुटला, त्यांच्या खांद्यावर डोकं ठेवून रडली. तोच तुमचा फोटो.

आता पुढचं. १९९७ ला परत फायनल, समोर मार्टिना हिंगिस, पोरगी १६ वर्षांची. पहिला सेट नोवोत्नानं ६-२ घेतला, पुढचे दोन गेले. मग १९९८. क्वार्टरला व्हीनस विल्यम्स, सेमीला तीच हिंगिस आणि तिला सरळ ६-४, ६-४. फायनलला फ्रान्सची नथाली तोझिया, ६-४ आणि दुसरा सेट टायब्रेकवर. त्या वेळी नोवोत्ना २९ वर्षांची. आणि ट्रॉफी कुणाच्या हातनं घेतली? त्याच डचेस ऑफ केंटच्या. पाच वर्षं गेली मधी. पोरीला हा दुसरा फोटो पण दाखवा, दोन्ही शेजारी शेजारी ठेवून दाखवा.

नेटजवळची:
मी स्वतः जिल्हा पातळीपर्यंत खेळलीय, आता सकाळी बारक्या पोरींना शिकवते. दादा, चोक हा शब्द ऐकला की मला राग येतो, कारण बोलणाऱ्यानं तिचा खेळ कसला होता ते बघितलेलंच नसतं.

नोवोत्ना सर्व्हिस करून तशीच नेटवर धावायची. मागं थांबून बॉल परत परत टाकत बसणारी नव्हे. आपल्याकडच्या भाषेत सांगायचं तर पटात शिरणारी पैलवान. शिरलं की एकतर समोरचा चितपट नाहीतर स्वतः खाली सापडायचं, मधलं काय नाही. असा खेळ खेळणारीचा बिघडलेला दिवस सगळ्यांना दिसतो. बेसलाइनवरची, म्हणजे कोर्टच्या मागच्या रेषेवरनं खेळणारी, बिघडली तर हळूहळू हरते, कोण लक्षात ठेवत नाही. ग्राफसमोर ती ४-१ ला पोचली ती ह्याच खेळामुळं, हे कसं विसरतात लोक?

१९९५ ला फ्रेंच ओपनमध्ये ह्यापेक्षा वाईट झालं होतं, चंदा रुबिनविरुद्ध तिसऱ्या सेटला ५-० आणि ४०-०, एकूण नऊ मॅच पॉइंट, म्हणजे एका पॉइंटवर मॅच जिंकायच्या संधी, गेले, ८-६ ने हरली. तरी तिनं खेळायची पद्धत सोडली नाही आणि शेवटी त्याच पद्धतीनं विम्बल्डन घेतलं.

आता तुमच्या लेकीचं. डबल फॉल्टनंतर हात आखडतो म्हणजे बहुतेक टॉस, म्हणजे सर्व्हिसला वर फेकलेला बॉल, खाली येतोय आणि ती सेकंड सर्व्ह नुसती ढकलतीय. घाबरल्यावर आपण बॉल अलगद टाकायला बघतो तिथंच घात होतो. सेकंड सर्व्हला रॅकेट उलट जास्त जोरात फिरवायची असते, बॉलला फिरकी देऊन, म्हणजे तो नेटच्या बराच वरनं जाऊन आत पडतो. कोचना नुसतं एवढंच बघायला सांगा, दोन आठवड्यांत फरक कळेल. मनाचं नंतर बघू, आधी टॉस.

पंचगंगा_७७:
ताई बाकी सगळं पटलं पण ते ९५ चं पोरीला आत्ताच सांगू नये असं माझं मत. नऊ मॅच पॉइंट ऐकून १३ वर्षांच्या पोरीची झोप जाईल. थोडी मोठी होऊ दे.

नेटजवळची:
तुमचं पण बरोबर आहे. पण तिला कुणीतरी कोर्टवर ऐकवणारच, त्यापेक्षा बाबांकडनं कळलेलं बरं ना.

दुहेरीवाला:
एक बाजू राहिलीच की. नोवोत्ना म्हणजे फक्त सिंगल्स नव्हे. १७ ग्रँड स्लॅम, म्हणजे टेनिसच्या चार मोठ्या स्पर्धांची विजेतेपदं, हायत तिच्या नावावर, १२ महिला दुहेरी, ४ मिश्र दुहेरी आणि १ सिंगल्सचं, ते विम्बल्डन. डबल्सला जगात एक नंबर, सिंगल्सला दोन नंबरपर्यंत गेलेली. ऑलिम्पिकची तीन मेडल, १९८८ सोल आणि १९९६ अटलांटाला दुहेरीत सिल्व्हर, अटलांटालाच सिंगल्सचं ब्राँझ. आणि बघा, ज्या हिंगिसनं ९७ ला हरवलं तिच्याचबरोबर जोडी करून १९९८ ला फ्रेंच, विम्बल्डन, यूएस ओपन तिन्ही दुहेरी जिंकल्या. हरवणाऱ्याच्या गळ्यात गळा घालून खेळायला काळीज लागतं. हे आपल्या तालमीत पण असंच शिकवतात, आखाड्यातली कुस्ती आखाड्यात.

ती ब्रनोची. चेकमधलं दोन नंबरचं शहर, राजधानी प्राग वेगळी. आपण पुण्यामुंबईचे नाही म्हणून काय व्हायचं असं म्हणणाऱ्यांसाठी सांगतो. त्याच ब्रनोची बार्बोरा क्रेजिकोवा १८ वर्षांची असताना, ज्युनिअर संपल्यावर पुढं काय करायचं कळेना म्हणून आईवडिलांना घेऊन थेट नोवोत्नाच्या दारात गेली, चिठ्ठी लिहून, ओळख ना पाळख. नोवोत्नानं तिला हाताखाली घेतलं. २०१७ ला नोव्हेंबरमध्ये नोवोत्ना कॅन्सरनं गेली, वय फक्त ४९. जाण्याआधी तिनं ह्या पोरीला खेळाचा आनंद घे आणि ग्रँड स्लॅम जिंकायला बघ असं सांगितलेलं. क्रेजिकोवानं २०२१ ला फ्रेंच ओपन घेतलं, सिंगल्स आणि डबल्स दोन्ही, आणि २०२४ ला विम्बल्डन, जास्मिन पाओलिनीला तीन सेटमध्ये हरवून. विम्बल्डनला विजेत्यांची नावं लिहिलेला बोर्ड असतो, त्यावर गुरूचं आणि आपलं नाव एकत्र बघून तिच्या डोळ्यांत पाणी आलं. मी ते बघताना पोरांसमोर रडलोय, खोटं कशाला बोलू.

आणि २०२२ ला आपल्या कोल्हापूरची एक पोरगी विम्बल्डनच्या १४ वर्षांखालच्या स्पर्धेत खेळून आलीय, ते पण सांगा लेकीला.

कळंब्याचा_बाबा:
सगळ्यांचे मनापासून आभार. काल रात्री जेवण झाल्यावर सगळं सांगितलं, ९५ चं पण. दोन्ही फोटो दाखवले. दुसरा ती लई वेळ बघत बसली. मग एकच प्रश्न विचारला, बाबा ९३ ला ती हरली त्यानंतर तिनं काय केलं? मला वाटलं ही ट्रॉफीचं विचारेल. काका, ह्याचं उत्तर मला येईना.

शाहूपुरी_काका:
त्याच विम्बल्डनला ती दुहेरीची पण फायनल खेळली, लारिसा नेलंडबरोबर. ती पण तीन सेटमध्ये हरली. पण खेळली. आणि १९९५ ला अरांता सांचेझ बरोबर तिथंच दुहेरी जिंकली. असं सांगा तिला.

कळंब्याचा_बाबा:
सांगितलं काका. आज पहाटे साडेपाचला तिनंच मला उठवलं. पाऊस होता, कोर्ट ओलं, म्हणून पार्किंगमध्ये स्कूटरी बाजूला काढून अर्धा तास नुसता टॉस टाकत बसलो, मी बॉल उचलून द्यायला. ताई, तुम्ही म्हणता तसंच हाय, दमली की टॉस खाली येतोय, आज मोजून बघितलं. ग्रिप नवीन गुंडाळून दिलीय.