मदत हवी आहे : टेपच्या गजाचं व्हायोलिन

नमस्कार मंडळी. लॉरी अँडरसन ही न्यूयॉर्कची कलाकार गेली काही वर्षं माझ्या मनात घर करून बसली आहे. 1970 च्या दशकात ती बर्फाच्या लाद्यांत गोठवलेले स्केट्स पायात घालून रस्त्यात व्हायोलिन वाजवायची. बर्फ वितळला की कार्यक्रम संपला! पुढे 1981 मध्ये तिचं 'ओ सुपरमॅन' हे गाणं ब्रिटनच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत दुसऱ्या क्रमांकावर गेलं. पण मला वेड लावलंय ते तिच्या 1977 च्या व्हायोलिनने. गजाला घोड्याच्या केसांऐवजी रेकॉर्ड केलेली टेप, आणि तारांच्या घोडीच्या जागी टेप वाचणारं हेड. गज पुढे ओढला की शब्द ऐकू येतात, मागे नेला की तेच उलटे.

तसं एक मी घरी करतोय. आजीच्या आवाजातली जात्यावरची ओवी टेपवर आहे, ती गजावर घ्यायची आहे. (अर्थात कॉपी करून; मूळ टेपला हात लावणार नाही.) जुन्या टेप डेकचं हेड काढून बसवलं, पण आवाज फार बारीक येतो आणि घूंऽऽ अशी घरघर त्याहून मोठी. हेडला कोणता प्रीअँप (बारीक सिग्नल वाढवणारं सर्किट) लावू? वायर शील्डेड (धातूच्या जाळीचं आवरण असलेली) घेतली तर घरघर जाईल का? गज जरा तिरका झाला की शब्द बुडतात, त्यावर काय करता येईल? पुण्यात पाव इंची टेपचं रीलवालं हेड कुठे मिळेल?

कुणी असलं काही केलं असेल तर कृपया सविस्तर लिहा. येत्या महिन्यात घरच्यांसमोर वाजवायचंय.