मदत हवी आहे: दोन कॉप्या, दोन लांब्या. पूर्ण सिनेमा कोणता?

मैथिली_न: 'द फार्मर्स वाइफ'च्या दोन कॉप्या मिळाल्यात. एक दीड तासाच्या आसपास संपते, दुसरी दोन तासांच्या वर जाते. कापलेली कोणती? शुक्रवारी वर्गात नाटक आणि सिनेमाची तुलना मांडायची आहे. प्लीज लवकर सांगा.

जुनापडदा: कोणता? हिचकॉकचा १९२८चा मूकपट की १९४१चा बोलपट? नाव एकच आहे. आणि कॉप्या डीव्हीडीच्या की नेटवरच्या?

मैथिली_न: हिचकॉकचाच. दोन्ही नेटवरच्या.

विंगेतून: मुळात तुलनेला हा घेऊच नका. ज्यावरून हा सिनेमा झाला ते ईडन फिलपॉट्सचं नाटक इंग्लंडमधल्या डेव्हनच्या बोलीवर उभं आहे. लंडनला तेराशेच्या वर प्रयोग झाले ते त्या बोलण्यावर. संवाद काढले की उरतं काय? त्यापेक्षा १९३८चा 'पिग्मॅलियन' घ्या. मूळ नाटक बर्नार्ड शॉचं, सिनेमाच्या पटकथेसाठी त्याला ऑस्करही मिळालं, आणि तुलनेला आपल्याकडे त्याच नाटकावरून पुलंनी केलेली 'ती फुलराणी' आहेच. भक्ती बर्वेंची मंजुळा ज्यांनी पाहिली त्यांना विचारा!

जुनापडदा: उरतं काय म्हणजे? खुर्चीचा प्रसंग पाहिलाय का? विधुर स्वीटलँड लग्नासाठी बायकांची यादी करतो, घर सांभाळणारी मिंटा ती लिहून घेते. सगळीकडून नकार आल्यावर तो घरी बसलाय, शेकोटीजवळच्या रिकाम्या खुर्चीत एकेक बाई दिसते नि विरते. मग मिंटा येऊन त्याच खुर्चीत बसते. एक शब्द नाही, तरी सगळं कळतं. मैथिली, तुलना इथेच करा.

आठवणीतले: सबटायटलची फाइल वेगळी उतरवून व्हीएलसीमध्ये टाका. नाव सारखं ठेवलं की आपोआप लागते.

मैथिली_न: सबटायटल नकोत हो, मूकपट आहे. लांबीचं सांगा ना कोणीतरी.

रिळवाला: मूकपटाचा वेग तेव्हा पक्का नसे. सेकंदाला २० चौकटींनी दाखवायचं रीळ २४ ने फिरवलं की दोन तासांचा सिनेमा १०० मिनिटांत संपतो, एकही चौकट न कापता. त्यामुळे नुसत्या मिनिटांवर जाऊ नका. पण तुमच्या दोन कॉप्यांत फरक त्याहून जास्त दिसतोय, म्हणजे थोडी काटछाटही असू शकते. दोन्हीतल्या पाट्या, म्हणजे मधे मधे पडद्यावर येणारा लिखित मजकूर, क्रमाने वहीत उतरवा आणि जुळवा. जी पाटी एकीत नाही, तिथे कात्री लागली. शिवाय चालताना माणसं तुरुतुरु पळतात का तेही बघा, म्हणजे रीळ जास्त वेगाने फिरवलंय का ते कळेल. संगीत वेगळं असेल तर दुर्लक्ष करा, ते नंतर ज्याने त्याने आपापलं लावलेलं असतं. वर्गात हवाला द्यायचाच तर २०१२ साली ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने हिचकॉकचे नऊ मूकपट दुरुस्त केले, त्यात हा आहे. त्या प्रतीचा द्या.

विंगेतून: एवढा खटाटोप कशाला? पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, तिथे विचारायचं.

रिळवाला: शुक्रवारच्या आत? शिवाय त्या पुण्यात आहेत असं कुठे म्हणाल्यात?

मैथिली_न: मी नागपूरला. रिळवाला, खूप आभार. थर्झा टॅपरच्या चहापार्टीपर्यंत पाट्या जुळवल्या, तोवर सगळ्या त्याच आहेत. छोट्या कॉपीत नट गॉर्डन हार्कर खरंच पळतोय. उरलेल्या रात्री बघते. जुनापडदा, खुर्चीचा प्रसंग घेतला.

आठवणीतले: तो १९४१चा बोलपट कुठे मिळेल? कोणाकडे असेल तर सांगा.