मालिकेतला अशोक, दगडावरचा अशोक

चिंचगूळ : आमच्याकडे रात्री जेवताना ‘चक्रवर्तिन अशोक सम्राट’ पुन्हा पहिल्यापासून चालू आहे. २०१५-१६ची मालिका, चारशेच्या वर भाग. कोणी विषाचा पेला उचलला की तीनदा वीज कडाडते, तोच चेहरा तीन बाजूंनी दिसतो आणि आईचा आमटी-भाताचा घास हवेतच थांबतो. ज्या बालपणाबद्दल इतिहासाला जवळजवळ काहीच ठाऊक नाही, त्यावर वर्षाहून जास्त काळ काढला. आणि कलिंगाच्या युद्धानंतर जिथे तो माणूस शिलालेखांतून स्वतः बोलतो, तिथे गाशा गुंडाळला.

वसईकर : मालिका आहे हो, पीएचडीचा प्रबंध नव्हे! आणि जुन्या बौद्ध कथा काय कमी मसालेदार आहेत? नव्याण्णव भाऊ मारल्याचं त्यांनीच लिहिलंय. आमचा मुलगा ही मालिका बघूनच सोपाऱ्याच्या शिलालेखाबद्दल विचारायला लागला. मी जन्मभर नालासोपारा लोकल पकडतोय, पण पुरातत्त्वज्ञ भगवानलाल इंद्रजींना १८८२मध्ये तिथे अशोकाच्या चौदा शिलालेखांपैकी आठव्याचा तुकडा मिळाला, हे मला त्याच्यामुळे कळलं.

चिंचगूळ : मग तो आठवा लेख मुलाला वाचून दाखवा. आधीचे राजे शिकारीला जात, मी धम्मयात्रेला जातो, असं म्हणतो तो. यावर दोन भाग सहज निघाले असते.

वसईकर : निघाले असते, बघितले कोणी असते? नवव्या लेखात तर बायका क्षुल्लक विधी फार करतात अशी तक्रार आहे. ती सासू-सुनांच्या वेळेला दाखवा बघू!

खडीसाखर : दोघेही अशोकाच्या शब्दावर जरा जास्तच विसंबताय. एक लाख मेले, दीड लाख पकडून नेले, मला पश्चात्ताप झाला, हे सांगणारा तेरावा लेख खुद्द कलिंगात, म्हणजे आजच्या ओडिशातल्या धौली आणि जौगडला, कोरलेलाच नाही. त्याऐवजी दुसरे दोन आहेत, ‘सगळी माणसं माझी लेकरं’ म्हणणारे. ज्यांना मारलं त्यांच्यासमोर आकडा नको वाटला असणार. हा माझा अंदाज. पण राजकारण त्यालाही कळत होतंच की.

चिंचगूळ : धौलीचं माहीत नव्हतं. म्हणजे हातचा प्रसंग घालवला यांनी! राजा मजकूर सांगतोय, लेखक विचारतोय, ‘महाराज, हा कलिंगातही कोरायचा?’ आणि राजा गप्प. वीज न कडाडताही घास थांबला असता.

वसईकर : तुमच्या आईचा थांबला असता. आमच्या मातोश्रींनी रिमोट उचलला असता.