एकत्र जन्मलेल्या, एकमेकांना बांधलेल्या ताऱ्यांना काय म्हणावे? (जुळे, सहज, सहजात, एकनाळ)

प्रश्न :
एका विज्ञानकथेत पुढील काल्पनिक घटना येते. वायूचा प्रचंड मेघ आकुंचन पावतो आणि त्यातून पाच तारे एकाच क्षणी पेटतात. जन्मतःच ते तेजस्वी वायूच्या तंतूंनी एकमेकांशी बांधलेले असतात आणि एकाचे तेज मंदावले की उरलेल्या चौघांचेही मंदावते. या घटनेला आणि या ताऱ्यांना मराठीत काय म्हणावे? ‘जुळे तारे’ असे लिहून पाहिले, पण तारे पाच आहेत. ‘तारकागुच्छ’ म्हटले तर जन्माचा अर्थ हाती लागत नाही.

उत्तर :
आपल्या प्रश्नात दोन कल्पना एकत्र आल्या आहेत, एक सहजन्माची आणि दुसरी बंधाची. रूढ शब्दांपैकी बहुतेक शब्द यांतली एकच कल्पना सांगतात. ‘जोडतारा’ हा शब्द जोडी सांगतो, जन्माविषयी मौन पाळतो. किंबहुना नुसत्या डोळ्यांना जवळजवळ दिसणाऱ्या, पण प्रत्यक्षात एकमेकांपासून फार दूर असलेल्या ताऱ्यांनाही तो सैलपणे लावला जातो. पुनर्वसू नक्षत्रातले दोन ठळक तारे मिथुन राशीतली जुळी भावंडे मानले जातात, परंतु त्यांतला एक आपल्यापासून सुमारे ३४ प्रकाशवर्षे आणि दुसरा सुमारे ५१ प्रकाशवर्षे दूर आहे; त्यांचे नाते केवळ आपल्या नजरेतले आहे.

उलट बाजूचे उदाहरण सप्तर्षींचे. त्या सातांपैकी पाच तारे एकाच मेघातून जन्मले असून आजही ते अवकाशात एकाच दिशेने प्रवास करीत आहेत. टोकांचे क्रतू आणि मरीची तेवढे त्या कुळातले नाहीत. म्हणजे आपल्या कथेतल्याप्रमाणे पाच भावंडे खऱ्या आकाशातही सापडतात, फक्त त्यांचा आपसातला बंध केव्हाच सैलावला आहे.

‘जुळे’ हा शब्द मात्र मला एवढ्यात सोडवत नाही. त्यात जन्म आहेच, शिवाय ‘जुळणे’ या क्रियापदाचा ध्वनीही त्यात वाचकाला ऐकू येतो. अडचण संख्येची आहे. तिळ्यांपर्यंत भाषेने सोय केली, पुढे हात टेकले.

दुसरे उत्तर :
वास्तविक या अर्थाचा नेमका शब्द आपल्याकडे आहे आणि तो आपण दिवसातून दहा वेळा वापरतो. तो शब्द म्हणजे ‘सहज’. सह अधिक ज, म्हणजे बरोबर जन्मलेला. अमरकोशात सख्ख्या भावाच्या पर्यायांमध्ये सोदर्य, सगर्भ्य यांच्या पंक्तीला ‘सहज’ बसलेला आहे, आणि कुंडलीतल्या भावंडांच्या तिसऱ्या स्थानाला आजही सहजस्थानच म्हणतात. जे जन्माबरोबर आले ते स्वाभाविक, जे स्वाभाविक ते विनासायास, आणि जे विनासायास ते हेतूवाचून केलेले, असा या शब्दाचा उतार दिसतो. ‘सहज आलो होतो’ असे म्हणणाऱ्याच्या मनात जन्माचा विचार अर्थातच नसतो. त्यामुळे ‘सहज तारे’ असे लिहिले तर वाचकाला ते तारे सहजगत्या उगवल्यासारखे वाटतील. अर्थ अचूक असूनही रूढीने हा शब्द आपल्या हातून काढून घेतला आहे.

‘सगर्भ’ही टाळावा. संस्कृतात तो भावंडाचा वाचक असला, तरी मराठी वाचकाला ते तारे गर्भार वाटतील! ‘सहोदर’ चालला असता, पण एका उदरातून जन्मलेल्या भावंडांमध्ये थोरला-धाकटा असतो आणि आपल्याला तर एकच क्षण हवा आहे. म्हणून मी ‘सहजात’ सुचवीन. एका अक्षराने तो ‘सहज’च्या आजच्या अर्थापासून वेगळा होतो.

पहिल्या उत्तरदात्याकडून पुरवणी :
‘सहजात’ मान्य, परंतु ‘एकच क्षण’ हे कथेचे खास वैशिष्ट्य आहे, हे विसरू नये. खगोलशास्त्रात एकाच मेघातून काही लाख वर्षांच्या अंतराने जन्मलेले तारेही एकाच वयाचे मानले जातात. सूर्यासारख्या ताऱ्याला मेघाच्या आकुंचनापासून स्थिर तेजापर्यंत पोचायला काही कोटी वर्षे लागतात, तर अतिशय जड तारा हा पल्ला त्याच्या लहानशा अंशात गाठतो. ‘सहजात’ या शब्दातून बरोबरीचा जन्म कळेल, क्षणाची अचूकता कळणार नाही. ती वर्णनातूनच आणावी लागेल.

बंधासाठी माझ्या मते ‘तंतू’पेक्षा ‘नाळ’ हा शब्द अधिक समर्थ आहे. नाळ जुळते, नाळ तुटते, हे वाक्प्रचार वाचकाच्या अंगवळणी पडलेले आहेत आणि दोन्हींत जन्माचे नाते गृहीत आहे. नवजात जोडताऱ्यांमध्ये वायूचे पूल प्रत्यक्ष दिसलेले असल्यामुळे ही प्रतिमा शास्त्रालाही फारशी सोडून जात नाही. त्या ताऱ्यांना ‘एकनाळ तारे’ म्हणता येईल. मात्र कोणी हौसेने ‘एकनाळी’ असे रूप केले, तर वाचकाच्या डोळ्यांपुढे एकनळी बंदूक उभी राहील.

प्रश्नकर्ता :
निवेदनात घटनेसाठी ‘सहजन्म’ आणि ताऱ्यांसाठी ‘सहजात तारे’ योजतो, पात्रांच्या तोंडी मात्र ‘एकनाळ’ ठेवतो. एक वाक्य असे झाले आहे : ‘तिसऱ्याचे तेज ओसरू लागले आणि नाळेनाळेतून ती मलूलता पाचांत पसरली.’ अनेकवचन ‘नाळी’ करावे की ‘नाळा’?

उत्तर :
‘नाळा’. माळ, माळेत, माळा. तसेच नाळ, नाळेत, नाळा. आणि ‘पाचांत’ऐवजी ‘पाचही जणांत’ केलेत तर बरे, कारण तारे भावंडे आहेत असे एकदा ठरल्यावर त्यांना नुसत्या आकड्याने मोजू नये.