पडद्यावरचं नाव कुणाचं? ज्यानं गाजवलं त्याचं, की ज्यानं ठेवलं त्याचं?

गोदाकाठ (मूळ धागा)

नोनेन रेना हे एका जपानी अभिनेत्रीचं आईवडिलांनी ठेवलेलं नाव. २०१३ साली एनएचके वाहिनीवरच्या 'आमाचान' या सकाळच्या मालिकेमुळे ती जपानभर घरोघरी पोहोचली. जुलै २०१६मध्ये तिनं जाहीर केलं, यापुढे माझं नाव 'नोन'. हिरागाना लिपीतली दोन अक्षरं, आडनाव नाही. तिचं काम सांभाळणाऱ्या एजन्सीशी तिचं बिनसलं होतं. तेव्हा जपानी वृत्तपत्रांत आलं ते असं, की करारानुसार 'नोनेन रेना' हे नाव परवानगीशिवाय कामासाठी वापरता येणार नाही, असं एजन्सीचं म्हणणं होतं.

त्याच वर्षी नोव्हेंबरात कुरे आणि हिरोशिमाच्या युद्धकाळावरचा एक अ‍ॅनिमेशनपट आला. नायिकेचा आवाज तिचा आहे. माझी लेक जपानी शिकते, म्हणून आम्ही दोघींनी तो घरी पाहिला आणि शेवटची नामावली संपेपर्यंत बसून राहिलो. सगळ्यांची आडनावासकट नावं आणि त्यांत ही दोनच अक्षरं. लेकीनं विचारलं, "आई, हिला आडनाव का नाही?" मी सांगायला लागले आणि मला राग आवरेना. बारशाला ठेवलेलं नाव एखाद्या कार्यालयाच्या कपाटात कुलूपबंद कसं असू शकतं?

दुसरं उदाहरण कोरियाचं. 'बीस्ट' हा २००९ साली आलेला पॉप गायकांचा गट. पाच जणांनी २०१६च्या शेवटी कंपनी सोडली, स्वतःची छोटी कंपनी काढली. पण 'बीस्ट' हा ट्रेडमार्क जुन्या कंपनीकडे राहिला. २०१७मध्ये ते 'हायलाइट' या नावानं पुन्हा उभे राहिले. 'हायलाइट' हे त्यांच्या आधीच्या अल्बमचं नाव. जुन्या घरातून हाताला लागेल ते भांडं उचलून बाहेर पडावं, तसं ते नाव घेऊन निघाले.

माझं म्हणणं सरळ आहे. नाव कुणीही सुचवलेलं असो, ते मोठं झालं ते नाचणाऱ्याच्या गुडघ्यांवर आणि गाणाऱ्याच्या गळ्यावर. करार संपला की नाव माणसाबरोबर गेलं पाहिजे. तुम्हाला काय वाटतं?

तिसरी घंटा

गोदाकाठताई, नोनबद्दल तुमचा राग समजतो. जन्मनावाचा प्रश्न वेगळा काढा, तिथे मीही तुमच्याच बाजूला आहे. पण त्यावरून सगळीच नावं कलाकाराची, हा निष्कर्ष मला मान्य नाही.

काबुकी या जपानच्या पारंपरिक नाट्यप्रकाराकडे बघा. 'इचिकावा दान्जुरो' हे नाव सतराव्या शतकापासून चालत आलं आहे. पहिल्या दान्जुरोचा १७०४ साली रंगमंचावरच खून झाला, तरी नाव थांबलं नाही. नववा दान्जुरो १९०३ साली गेला आणि त्यानंतर रंगमंचावर पुन्हा दान्जुरो म्हणून कुणी उभं राहायला १९६२ साल उजाडलं. एकोणसाठ वर्षं ते नाव योग्य माणसाची वाट बघत होतं. एवढी वाट एका माणसाच्या मालमत्तेची कुणी बघत नाही. तिथे नट नावाचा राखणदार असतो. आपणही घराण्याचं 'नाव राखलं' म्हणतो, ते याच अर्थानं.

आता 'बीस्ट'. ही पोरं अनोळखी होती तेव्हा कुणीतरी त्यांच्या राहण्याचा, तालमींचा, गाण्यांचा खर्च केला. अशा दहा गटांतले किती बुडतात हे कंपनीलाच माहीत असतं. शिवाय 'बीस्ट' सुरुवातीला सहा जणांचा गट होता. सहावा एप्रिल २०१६मध्ये बाहेर पडला. नाव ज्यांनी गाजवलं त्यांचं, असं म्हणायचं तर त्याच्या वाट्याचं काय? कंपनीनं नाव धरून ठेवणं अन्याय असेल, तर पाच जणांनी सहाव्याचं नाव घेऊन जाणं काय आहे?

निशिकासाई

तोक्योत अकरा वर्षं आहे, म्हणून काबुकीबद्दल थोडं. नोव्हेंबर २०२२मध्ये तेराव्या दान्जुरोच्या नामग्रहणाचा प्रयोग काबुकीझा नाट्यगृहात तिसऱ्या मजल्यावर बसून पाहिला. सोहळा खरं तर मे २०२०मध्ये व्हायचा होता, कोविडमुळे अडीच वर्षं लांबला. या विधीला 'शुमेइ' म्हणतात. सगळे नट एका रांगेत गुडघ्यांवर बसून डोकं जमिनीला टेकवतात आणि प्रेक्षकांशी बोलतात. मग दान्जुरो एकटा सरसावतो, उजवा खांदा उघडा टाकतो, डाव्या हातात लाकडी चौरंगासारखं 'सानबो' धरतो आणि डोळे वटारून सभागृहाकडे बघतो. याला 'निरामि' म्हणतात. ती नजर ज्याच्यावर पडेल तो वर्षभर आजारी पडत नाही, अशी समजूत आहे. माझ्या शेजारच्या आजींनी त्या क्षणी हात जोडले होते. मागून आरोळी आली, "नारिताया!" हे या घराण्याचं नाव. माणसाला नव्हे, घराण्याला दिलेली दाद.

तेव्हा तिसरी घंटा यांचं निम्मं बरोबर आहे, तिथे नाव माणसापेक्षा मोठंच आहे. पण एक गोष्ट त्यांनी सोडली. त्याच सोहळ्यात त्याचा मुलगा आठवा 'शिन्नोसुके' झाला. बापाचं स्वतःचं लहानपणीचं नाव मुलाकडे गेलं. बाप 'एबिझो' होता, तो दान्जुरो झाला. या साखळीत कुणीही बिननावाचं राहत नाही. एक नाव खाली ठेवायचं ते दुसरं उचलण्यासाठी. एजन्सीच्या करारात नाव काढून घेतात आणि हातावर काही ठेवत नाहीत. तिथे घराणं आहे, इथे वकिलाची नोटीस आहे. दोन्हींना एकच न्याय कसा लावणार?

गोदाकाठ

निशिकासाई, मला शब्दांत पकडता येत नव्हतं ते हेच.

तिसरी घंटा, तुम्हाला जुना दाखला देते. हायाशी चोजिरो हा शोचिकु या जपानी चित्रपट कंपनीचा देखणा तारा, हे नाव त्याला शोचिकुत आल्यावर मिळालेलं. १९३७ साली तो तोहो कंपनीत गेला. त्या नोव्हेंबरात स्टुडिओतून बाहेर पडताना एका माणसानं त्याच्या गालावर वस्तऱ्यानं वार केला. त्यानं नाव शोचिकुला परत केलं आणि हासेगावा काझुओ या स्वतःच्या खऱ्या नावानं काम सुरू केलं. चेहऱ्यावर व्रण आणि पाटी कोरी. चित्रपटाच्या नटाला चेहरा आणि नाव सोडून दुसरं काय असतं? थोड्याच काळात दोन्हींवर घाव.

तिसरी घंटा

वस्तरा चालवणाऱ्याची बाजू कुणी घेणार नाही, ताई. पण तुमचाच दाखला पुढे वाचा. हासेगावा काझुओ या नावानं तो पुढची कितीतरी वर्षं चोजिरोपेक्षा मोठा तारा होता. प्रेक्षक माणसामागे गेले. 'हायलाइट'मागेही त्यांचे चाहते गेलेच. नाव परत केल्यानं कलाकार संपत नाही, तुमच्या दोन्ही उदाहरणांत तेच दिसतं. मग नावावरून एवढं रण कशाला?

लाइटस्टिक

तिसरी घंटा काका, रण का ते मी सांगते, मी 'बीस्ट'ची तेव्हापासूनची चाहती आहे. नाव गेलं की फक्त पाटी जात नाही. जुनी गाणी एका नावाखाली, नवी दुसऱ्या. नव्या श्रोत्याला समजतच नाही की ही तीच माणसं. २००९ साली सुरू झालेल्यांना २०१७मध्ये 'नवा गट' म्हणून ओळख करून द्यावी लागली. आम्हीही वर्षानुवर्षं ओरडायची सवय असलेली हाक गिळायला शिकलो. एप्रिल २०२४मध्ये जुन्या कंपनीशी करार होऊन 'बीस्ट' हे नाव वापरायची मुभा मिळाली, त्या दिवशी मी हॉस्टेलवर रडले. सात वर्षांहून जास्त काळ लागला.

'शिनह्वा' या दुसऱ्या कोरियन गटालाही २०१५मध्येच स्वतःच्या नावाचा ट्रेडमार्क मिळाला, पदार्पण १९९८चं. 'एचओटी' या गटाच्या २०१८च्या पुनर्भेटीत तर तीन आद्याक्षरं वापरता येईनात, म्हणून कार्यक्रमाच्या नावात पूर्ण इंग्रजी शब्द लिहिले. माणसं गेली तर नाव पडून राहतं. ते रिकामं नाव ठेवून कंपनीला मिळतं काय?

आजोळ

सगळे नाव मिळण्याबद्दल बोलत आहेत. मला नाव फेकता येण्याबद्दल बोलायचं आहे.

यामागुची योशिको ही जपानी आईबापांची मुलगी, १९२० साली मांचुरियात, म्हणजे ईशान्य चीनमध्ये, जन्मलेली. वडिलांच्या चिनी मित्रानं तिला मानलेली मुलगी म्हणून 'ली श्यांगलान' हे नाव दिलं. घरगुती, मायेचं नाव. १९३८मध्ये जपानच्या ताब्यातल्या मांचुकुओच्या चित्रपट कंपनीनं तेच उचललं आणि तिला चिनी मुलगी म्हणून पडद्यावर आणलं. अस्खलित चिनी बोलणारी, गाणारी, आणि जपानी नायकावर जीव लावणारी. १९४०च्या एका चित्रपटात नायक तिला थोबाडीत मारतो आणि ती त्याच्या प्रेमात पडते. तो नायक म्हणजे वर आलेला हासेगावा काझुओच. चिनी प्रेक्षकांना ती थप्पड किती झोंबली असेल!

युद्ध संपल्यावर शांघायमध्ये तिला देशद्रोही म्हणून पकडलं. चिनी असून शत्रूला मिळाली, हा आरोप. आरोपाचा आधार काय, तर तिचं नाव. मी चिनी नाही हे सिद्ध करायला जपानच्या कुटुंबनोंदीचा दाखला हवा होता, तो पेइचिंगमध्ये आईवडिलांकडे. ल्यूबा नावाच्या तिच्या रशियन बालमैत्रिणीनं तो एका जपानी बाहुलीत लपवून पोहोचवला. त्या कागदावर ती सुटली आणि १९४६मध्ये तिची जपानला रवानगी झाली. पुढे ती हॉलिवूडमध्ये शर्ली यामागुची झाली, १९७४पासून अठरा वर्षं जपानच्या संसदेत होती.

उलट बाजूला रिकिदोझान. १९५०च्या दशकात टीव्हीवर अमेरिकी पैलवानांना लोळवणारा, हरलेल्या जपानचा लाडका. जन्मानं कोरियन, किम सिन-राक. डिसेंबर १९६३मध्ये मरेपर्यंत बहुतेक जपानी प्रेक्षकांना ते माहीत नव्हतं. त्याला स्वतःचं नाव उच्चारता आलं असतं, तर त्या टाळ्या तशाच वाजल्या असत्या का?

माझ्या आजीचं नाव लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीनं लिहून बदललं होतं. माहेरच्या नावानं हाक मारणारा शेवटचा भाऊ गेला, तेव्हा ती म्हणाली, "आता मला कोण ओळखणार?" म्हणून गोदाकाठ, नाव कुणाच्या मालकीचं यापेक्षा मला हे महत्त्वाचं वाटतं, की ते घेताना आणि टाकताना त्या माणसाला कुणी विचारलं होतं का?

निशिकासाई

आजोळ, तुमचा प्रतिसाद वाचून बराच वेळ काही सुचलं नाही.

कायद्याचं एक सांगतो. डिसेंबर २०२२मध्ये तोक्यो जिल्हा न्यायालयात गायिका आइउची रिना हिचा निकाल लागला. हे तिचं स्टेजसाठीचं नाव, जन्मनाव नव्हे. करार संपल्यावरही संमतीशिवाय नाव वापरायचं नाही, असं कलम होतं. कायमची बंदी घालणारं असं कलम सार्वजनिक हिताविरुद्ध आहे म्हणून रद्दबातल, असं न्यायालयानं ठरवलं. तेव्हा तिसरी घंटा, 'जन्मनाव वेगळं काढा' ही तुमची रेषा तिथल्या न्यायालयानंही ओढलेली नाही.

तिसरी घंटा

हा निकाल मला माहीत नव्हता. कायमची बंदी चूक, हे मान्य. एकट्या गायिकेच्या बाबतीत मी माघार घेतो. कंपनीला खर्च वसूल करायचा असेल तर त्याची मुदत हवी, आणि ती करारातच लिहिलेली हवी.

गटाच्या नावावर मात्र मी ठाम आहे. सहाव्याचं काय, याला अजून कुणी उत्तर दिलेलं नाही.

गोदाकाठ

उत्तर माझ्याकडेही नाही, आणि उगाच देणार नाही. काल लेकीला तोच प्रश्न विचारला. ती म्हणाली, त्या पाच जणांनी नव्या नावानं पहिला कार्यक्रम केला तेव्हा सहाव्याच्या ओळी कुणी गायल्या ते बघ. आज रात्री आम्ही जुने व्हिडिओ लावून बसणार आहोत. लाइटस्टिक, कुठून सुरुवात करू ते सांगशील का?