मदत हवी आहे : टायविन लॅनिस्टरच्या कारभारावर लिहायचंय

मंडळी, जरा मदत करा. आमच्या वाचन गटात 'काल्पनिक जगातले राज्यकर्ते' असा विषय आहे आणि मी टायविन लॅनिस्टर घेतलाय. गेम ऑफ थ्रोन्स बघितलेल्यांना तो फक्त खडूस बाप आणि शेवटी संडासात पोराच्या बाणाने मेलेला म्हातारा एवढाच आठवतो, पण मला त्याची पहिली कारकीर्द मांडायचीय, म्हणजे २० वर्षांचा असताना वेड्या राजा एरिसने त्याला हँड (म्हणजे राजाचा मुख्य कारभारी) केलं तिथपासून पुढची जवळपास दोन दशकं, त्यात राजघराण्याचं ब्रावोस या शहरातल्या आयर्न बँकेचं कर्ज याने स्वतःच्या सोन्यातून फेडलं, बंदरांवरची जकात कमी करून व्यापारी खूश केले.

आणि एरिसचं काय, तर त्याने नंतर जकात परत भरमसाठ वाढवली, व्यापारी बोंबलत आले तेव्हा खापर टायविनवर फोडून स्वतः ती कमी करून वाहवा घेतली! हा किस्सा तर मी घेणारच, आपल्याकडच्या कुठल्याही ऑफिसात शोभेल.

अडतंय ते पुढे. डस्कनडेल या गावी राजा एरिस बंडखोर सरदाराच्या कैदेत असताना टायविनने वेढा घातला, धमक्या दिल्या, पण राजाला सोडवून आणलं त्याच्या अंगरक्षकांपैकी बॅरिस्टन सेल्मीने. मग टायविनला राजा मेलेलाच हवा होता असं म्हणायचं का? की तो नुसता हट्टी होता? पुस्तकं नीट वाचलेल्यांनी आपापलं मत द्या, आणि कॅस्टामिअरच्या बंडखोर रेन घराण्याचा निर्वंश केला तो प्रकार आधी सांगू की शेवटी? आधी सांगितला तर कारभाराकडे कोणी लक्षच देणार नाही असं वाटतंय.